भिन्नछेद अपूर्णांकांची बेरीज : आधी लसावि की सरळ तिरकस गुणाकार?

खडूफळा (धागाकर्ता)

१/२ + १/३ = २/५. वह्या तपासणाऱ्या प्रत्येकाच्या हे उत्तर ओळखीचं असेल. फुली मारून शेजारी ५/६ लिहिल्यानं काही साधत नाही, कारण मुलाच्या दृष्टीनं त्यानं नियमच पाळलेला असतो: वरच्यांत वरचा मिळवला, खालच्यांत खालचा. म्हणून रीत कोणती, कोणत्या क्रमानं आणि गाडी नेमकी कुठे घसरते, हे एका जागी आणण्यासाठी हा धागा.

आधी माझं मत. छेद तुकड्याचा आकार सांगतो आणि अंश तसे किती तुकडे घेतले ते सांगतो. आकार वेगवेगळे असताना नुसती तुकड्यांची संख्या मिळवली तर उत्तर कशाचं, हेच कळत नाही. त्यामुळे 'छेद समान करा' हा नियम म्हणून सांगायच्या आधी गरज म्हणून दिसायला हवा.

त्यासाठी आयत उत्तम. चौकटीच्या कागदावर २ ओळी आणि ३ स्तंभांचा आयत काढा, ६ चौकटी होतात. एक ओळ म्हणजे १/२, तिच्यात ३ चौकटी. एक स्तंभ म्हणजे १/३, त्यात २ चौकटी. ३ + २ = ५, म्हणून ५/६. एक खबरदारी घ्या: ओळ आणि स्तंभ एकाच आयतात रंगवू नका. एक चौकट दोघांत सामाईक येते, रंगलेल्या चौकटी ४ भरतात आणि मूल ४/६ म्हणतं, तेही अगदी प्रामाणिकपणे मोजून. सारख्या मापाचे दोन आयत काढा, एकात ओळ रंगवा, दुसऱ्यात स्तंभ.

हे पटलं की उदाहरणं या क्रमानं द्यावीत:

पहिल्यांदा एक छेद दुसऱ्याच्या पटीत असलेली. १/४ + ३/८. इथे एकच अपूर्णांक बदलावा लागतो: २/८ + ३/८ = ५/८.

मग छेदांत १ शिवाय सामाईक अवयव नसलेली. २/५ + ३/७. इथे छेदांचा गुणाकार करण्यावाचून गत्यंतर नाही: १४/३५ + १५/३५ = २९/३५.

शेवटी सामाईक अवयव असलेली. ५/१२ + ७/१८. गुणाकार केला तर २१६, लसावि (दोन्ही छेदांनी भाग जाणारी सर्वांत लहान संख्या) काढला तर ३६. १५/३६ + १४/३६ = २९/३६. लसाविचं खरं काम इथेच पडतं.

तिरकस गुणाकार मी या सगळ्यानंतर ठेवीन. आधी दिला की मूल तीनही प्रकारांत तोच वापरतं आणि छेदांकडे बघणंच सोडून देतं.

---

तिरपागडा

अंशतः असहमत. (कोटी आपोआप झाली.)

तिरकस गुणाकाराला नाकं मुरडायची एक पद्धत पडली आहे. अ/ब + क/ड = (अ × ड + क × ब) ÷ (ब × ड). ही रीत कधीच चुकत नाही. छेद सहमूळ (१ शिवाय सामाईक अवयव नसलेले) आहेत की नाहीत, पट आहे की नाही, काही तपासायला नको. लसावि काढताना चूक झाली तर पुढचं सगळंच वाया.

तुमचंच उदाहरण घ्या. ५/१२ + ७/१८: ५ × १८ = ९०, ७ × १२ = ८४, बेरीज १७४, छेद २१६. आता १७४ आणि २१६ यांचा मसावि (दोघांनाही भाग जाणारी सर्वांत मोठी संख्या) भागाकारानं काढा:

२१६ ÷ १७४, बाकी ४२
१७४ ÷ ४२, बाकी ६
४२ ÷ ६, बाकी ०

मसावि ६. १७४ ÷ ६ = २९, २१६ ÷ ६ = ३६. उत्तर तेच. लसाविवाले आधी मेहनत करतात, आम्ही नंतर करतो, एवढाच फरक.

---

शेषराव

तिरपागडा, दोन अपूर्णांकांपर्यंत ठीक आहे. तीन आले की काय कराल?

१/६ + ३/८ + ५/१२. तिन्ही छेदांचा गुणाकार ५७६. अंश ९६ + २१६ + २४० = ५५२. आता ५५२/५७६ ला अतिसंक्षिप्त रूप द्या. मसावि २४ निघतो, उत्तर २३/२४. पाचवी-सहावीतलं मूल २ ने छेद देत देत २७६/२८८, १३८/१४४, ६९/७२ इथपर्यंत येतं आणि ६९ विषम दिसला की थांबतं. ३ ने अजून भाग जातो हे सुटून जातं.

लसावि २४: ४/२४ + ९/२४ + १०/२४ = २३/२४. तोंडी होतं.

शिवाय तीन अपूर्णांकांत 'तिरकस' कुठून कुठे? पहिल्याचा अंश फक्त दुसऱ्याच्या छेदानं गुणून तिसऱ्याचा विसरणं ही तिथली ठरलेली चूक आहे.

---

तिरपागडा

तीन असतील तर दोन-दोन घ्यायचे. १/६ + ३/८ = (८ + १८)/४८ = २६/४८ = १३/२४. पुढे १३/२४ + ५/१२ = (१५६ + १२०)/२८८ = २७६/२८८ = २३/२४. मधल्या पायरीला संक्षेप केला की आकडे फुगत नाहीत.

---

खडूफळा

१३/२४ + ५/१२ मध्ये २४ ही १२ ची पट समोर दिसत असताना २८८ पर्यंत जायचं? माझा आक्षेप नेमका हाच आहे.

---

उजळणी

वाद चालू द्या, पण माझा एक व्यवहारी प्रश्न. मूळ अवयव बरोबर पाडूनही लसावि चुकतो. १२ = २ × २ × ३ आणि १८ = २ × ३ × ३ एवढं नीट लिहिलेलं असतं, आणि लसावि कधी ६ येतो, कधी २१६. असं का होतं? आणि उभ्या मांडणीत भागत जाताना नेमकं थांबायचं कुठे?

---

मूळसंख्या

उजळणी, दोन्ही चुकांची कारणं वेगळी आहेत.

६ येतो तेव्हा मुलानं दोघांत सामाईक असलेले अवयवच घेतलेले असतात. तो मसावि झाला. लसाविच्या पाठाला लागूनच मसाविचा पाठ असतो, त्यामुळे ही सरमिसळ होतेच. तिच्यावर एका ओळीचा उपाय आहे: लसावि दिलेल्या संख्यांपैकी सर्वांत मोठीपेक्षा लहान असूच शकत नाही. ६ हा १८ पेक्षा लहान, म्हणून बाद.

२१६ येतो तेव्हा सगळेच अवयव गुणलेले असतात, सामाईकही दोनदा. बरोबर नियम असा: प्रत्येक मूळ अवयव कोणत्याही एका संख्येत जास्तीत जास्त जितक्यांदा येतो तितक्यांदाच घ्या. २ हा १२ मध्ये दोनदा, १८ मध्ये एकदा, म्हणून दोनदा. ३ हा १८ मध्ये दोनदा, म्हणून दोनदा. २ × २ × ३ × ३ = ३६.

आता महत्त्वाचं. या दोन चुका सारख्या गंभीर नाहीत. २१६ घेतला तरी बेरीज बरोबरच येते, फक्त शेवटी छेद द्यावा लागतो, कारण २१६ ही दोन्ही छेदांची पट आहेच. ६ घेतला तर बेरीज पुढेच जात नाही, ६ ला १२ ने भागणार कसं? बेरजेसाठी सामाईक पट लागते. ती लघुतम असली तर सोय, नसली तरी गणित चूक ठरत नाही. हे मुलांना उघड सांगावं. लसावि चुकून दुप्पट निघाला म्हणून पान फाडायची गरज नाही.

उभी मांडणी. ६, ८, १२ घ्या.

२ ने: ३, ४, ६
२ ने: ३, २, ३ (३ ला भाग जात नाही, तो तसाच खाली उतरवायचा)
३ ने: १, २, १

आता कोणत्याही दोन संख्यांना एकाच अवयवानं भाग जात नाही, थांबा. डावीकडचे भाजक आणि खालची ओळ यांचा गुणाकार: २ × २ × ३ × १ × २ × १ = २४.

ठरलेली चूक म्हणजे पहिल्या पायरीनंतर थांबणं, कारण '३, ४, ६ या तिघांनाही भाग जाईल असं काही उरलं नाही.' तिघांना एकदम भाग जायलाच हवा ही अट मसाविची. लसाविला किमान दोघांना जात असला तरी पुढे जायचं. तिथेच थांबलं तर २ × ३ × ४ × ६ = १४४ येतात. वर म्हटल्याप्रमाणे त्यानंही बेरीज होते, पण आकडे सहापट मोठे.

दोनच छेद असतील तर मूळ अवयव पाडायचीही गरज नाही. मोठ्या छेदाचा पाढा म्हणा आणि लहान छेदानं भाग जातो का बघा. १८? १२ ने जात नाही. ३६? जातो. झालं.

छेद मोठे असतील तर आधी मसावि काढून मग लसावि. ८४ आणि १२६: १२६ − ८४ = ४२, आणि ८४ ला ४२ ने भाग जातो, म्हणजे मसावि ४२. लसावि = ८४ × १२६ ÷ ४२. इथे आधी गुणू नका, आधी भागा: १२६ ÷ ४२ = ३, ८४ × ३ = २५२. तर ११/८४ + ५/१२६ = ३३/२५२ + १०/२५२ = ४३/२५२.

'लसावि × मसावि = संख्यांचा गुणाकार' हे सूत्र दोनच संख्यांसाठी आहे, हेही बजावून सांगा. ६, ८, १२ ला लावलं तर ५७६ ÷ २ = २८८ येतात, लसावि मात्र २४.

---

निमकी

मूळ २/५ वाल्या चुकीबद्दल थोडं. ती आळसातून येत नाही, मुलांसमोर तशी बेरीज रोज होत असते. एका चाचणीत १० पैकी ७, दुसरीत २० पैकी १५. प्रगतिपुस्तकावर ७/१०, १५/२० आणि एकूण २२/३०. वरच्यांत वरचे, खालच्यांत खालचे, आणि त्याला कोणी चूक म्हणत नाही!

तिथे प्रश्नच वेगळा आहे. गुणांमध्ये 'एकंदर किती पैकी किती' असं विचारलेलं असतं, त्याचं उत्तर दोन्हींच्या मधोमध कुठेतरी पडतं. ०.७ आणि ०.७५ यांच्यामध्ये २२/३०, म्हणजे सुमारे ०.७३. बेरीज मात्र दोन्हींपेक्षा मोठी असायला हवी: १४/२० + १५/२० = २९/२०. अंशांची आणि छेदांची वेगवेगळी बेरीज करून येणारा अपूर्णांक (दोन्ही अपूर्णांक धन असतील तर) नेहमी दोघांच्या दरम्यान असतो. २/५ सुद्धा १/३ आणि १/२ यांच्या दरम्यानच आहे.

मुलाला एवढंच विचारा: 'तुझ्याकडे निम्मं होतं, वर अजून काही मिळालं, आणि आता निम्म्याहून कमी कसं झालं?' फुलीपेक्षा हा प्रश्न जास्त काम करतो. एरवी तिरक्या रेघेनं लिहिलेले गुण फळ्यावर '१० पैकी ७' असे शब्दांत लिहिले तर गोंधळ मुळातच कमी होतो.

---

खडूफळा

निमकी, +१. याच सुरात बाकीच्या चुका आणि त्या कशा पकडायच्या ते लिहितो. अट एवढीच की पडताळा तोंडी झाला पाहिजे.

छेद बदलला, अंश तसाच राहिला. ५/१२ + ७/१८ = ५/३६ + ७/३६ = १२/३६ = १/३. पडताळा: १/३ म्हणजे ४/१२. एकटा ५/१२ च त्याहून मोठा. ही चूक सर्वांत जास्त दिसते, कारण लसावि काढण्यातच दम संपलेला असतो. उपाय मांडणीचा आहे. लसावि मिळाला की प्रत्येक अपूर्णांकाच्या डोक्यावर त्याचा गुणक आधी लिहायचा (३६ ÷ १२ = ३, ३६ ÷ १८ = २), आणि पुढच्या ओळीत सरळ १५/३६ न लिहिता (५ × ३)/(१२ × ३) असं पूर्ण लिहायचं. ही ओळ किमान पहिल्या काही दिवसांत गाळू देऊ नये.

गुणण्याऐवजी मिळवणं. १/३ चा छेद ६ करायचा, '३ मध्ये ३ मिळवले, म्हणून वरही ३ मिळवतो': ४/६. पडताळा: १/३ निम्म्याहून लहान, ४/६ निम्म्याहून मोठा. दोन्ही सममूल्य कसे?

बेरजेच्या चिन्हाच्या आरपार काटाकाटी. गुणाकारात २/३ × ३/४ मधला ३ छेदून टाकता येतो. ती सवय बेरजेत येते आणि २/३ + ३/४ मधले दोन्ही ३ उडतात. याचीच धाकटी बहीण: (१४ + १५)/३५ मध्ये १४ आणि ३५ यांना ७ ने छेद देऊन (२ + १५)/५ = १७/५. पडताळा: २/५ आणि ३/७ दोन्ही निम्म्याहून लहान, बेरीज १ च्या आत हवी. १७/५ तर ३ च्याही पुढे गेला. छेद द्यायचा तर संपूर्ण अंशाला, एकाच पदाला नाही.

मधेच संक्षेप. ३/४ + १/६ साठी ९/१२ + २/१२ असं लिहिलं, आणि 'उत्तर अतिसंक्षिप्त रूपात लिहा' आठवून ९/१२ चे पुन्हा ३/४ केले. मूल गोल गोल फिरत राहतं. संक्षेपाच्या जागा दोनच: समच्छेद करण्याआधी आणि बेरीज झाल्यावर.

समच्छेद करण्याआधीची जागा बहुतेक जण विसरतात. ६/८ + १०/१५ जसेच्या तसे घेतले तर लसावि १२०, अंश ९० + ८० = १७०. आधी छेद दिला तर ३/४ + २/३ = ९/१२ + ८/१२ = १७/१२.

---

पावकी

दशांशात नेऊन मिळवायचा मोहही बऱ्याच जणांना होतो, त्याबद्दल दोन ओळी. (संक्षिप्त रूपातल्या) छेदात २ आणि ५ हेच मूळ अवयव असतील तर खुशाल करा: ३/८ + १/५ = ०.३७५ + ०.२ = ०.५७५, म्हणजेच २३/४०. दुसरा कोणताही अवयव आला की दशांश संपत नाही. १/३ + १/७ ला ०.३३ + ०.१४ = ०.४७ लिहिलं तर ते ४७/१००, खरं उत्तर १०/२१, म्हणजे ०.४७६ च्या पुढे. पडताळ्यासाठी चालेल, उत्तर म्हणून नाही.

---

अल्गोरिदमवाला

प्रोग्राम लिहिणाऱ्यांसाठी: तिरपागडा आणि खडूफळा यांच्या मधला रस्ता आहे, आणि मोठ्या आकड्यांना तोच परवडतो.

अ/ब + क/ड मधले छेद ब आणि ड यांचा मसावि ग काढा. ग = १ असेल तर बिनधास्त तिरकस गुणाकार करा, उत्तर आपोआप अतिसंक्षिप्त असतं (मूळचे अपूर्णांक अतिसंक्षिप्त असतील तर). ग मोठा असेल तर:

ट = अ × (ड ÷ ग) + क × (ब ÷ ग)
ह = ट आणि ग यांचा मसावि
उत्तराचा अंश = ट ÷ ह, छेद = (ब ÷ ग) × (ड ÷ ह)

१/६ + १/१०: ग = २, ट = ५ + ३ = ८, ह = २. अंश ४, छेद ३ × ५ = १५. उत्तर ४/१५.

गंमत दुसऱ्या मसाविची आहे. तो ट आणि संपूर्ण छेद यांचा काढावा लागत नाही, ट आणि ग यांचाच पुरतो. ग बहुधा लहान असतो, म्हणून वेळ वाचतो.

पायथॉनमध्ये अपूर्णांकांसाठी तयार मॉड्यूल आहे. त्याला अंश आणि छेद वेगळे पूर्णांक म्हणून द्या. दशांश ०.१ थेट दिला तर १/१० मिळत नाही, छेद २ चा ५५वा घात असलेला भलाथोरला अपूर्णांक मिळतो, कारण द्विमान पद्धतीत ०.१ नेमका साठवताच येत नाही. ०.१ + ०.२ चं उत्तर ०.३०००००००००००००००४ येतं तेही त्याच कारणानं.

---

मूळसंख्या

ग का पुरतो, याचं कारण हाती सोडवणाऱ्यांनाही उपयोगी आहे. दोन्ही अपूर्णांक अतिसंक्षिप्त धरू.

बेरीज झाल्यावर एखाद्या मूळ अवयवानं छेद जाईल का, हे छेदांकडे पाहूनच बरंचसं सांगता येतं. तो अवयव दोन्ही छेदांत सारख्याच घातानं येत असेल तरच शक्यता. घात कमी-जास्त असतील, किंवा तो एकाच छेदात असेल, तर नाही.

५/१२ + ७/१८: २ चे घात २ आणि १, ३ चे घात १ आणि २. कुठेच जुळत नाहीत. म्हणून २९/३६ ला छेद जातो का हे तपासायचंच कारण नाही.

कारण असं: समच्छेद करताना ज्या छेदात ३ चा घात मोठा, त्याच्या अंशाला ३ ने गुणावं लागत नाही, दुसऱ्याच्या अंशाला लागतं. एक अंश ३ च्या पटीत, दुसरा नाही, म्हणून बेरीज ३ च्या पटीत येऊच शकत नाही.

घात सारखे असतील तर छेद जाईलही, न जाईलही. फक्त २ च्या बाबतीत निकाल पक्का. दोन्ही छेदांत २ सारख्याच घातानं (किमान एकदा) असेल तर समच्छेद केल्यावर दोन्ही अंश विषम राहतात, विषम + विषम = सम, म्हणजे २ ने छेद जाणारच. ५/६ + ३/१० = २५/३० + ९/३० = ३४/३० = १७/१५. १/४ + १/१२ = ३/१२ + १/१२ = ४/१२ = १/३. अशा गणितात संक्षेपाआधीच बेरजेचा अंश विषम आला तर हिशेब चुकलाय, दुसरा पडताळा नको.

जाता जाता: १ + १/२ + १/३ + १/४ + … कुठेही थांबा, एकापेक्षा जास्त पदं घेतली तर बेरीज कधीच पूर्णांक येत नाही. कारण हेच. २ चा सर्वांत मोठा घात एकाच छेदात असतो, म्हणून अंश विषम आणि छेद सम राहतो.

---

शेषराव

या वादाला वयही बरंच आहे. भास्कराचार्यांच्या 'लीलावती'त (११५०) समच्छेद करण्याच्या एकाच श्लोकात दोन्ही रीती आहेत: एकमेकांच्या हरांनी (म्हणजे छेदांनी) अंश आणि हर गुणा, किंवा हरांना आधी सामाईक अवयवानं लहान करून मग त्यांनी गुणा. पुढचं उदाहरण १/६३ आणि १/१४ यांच्या वजाबाकीचं आहे. मसावि ७, हर लहान करून ९ आणि २, लसावि १२६. ९/१२६ − २/१२६ = ७/१२६ = १/१८.

मूळसंख्यांचा नियम इथेही लावून बघा. ७ दोन्ही छेदांत एकेकदा आहे, म्हणून शक्यता होती, आणि वजाबाकीत ७ ने छेद गेला. तीच बेरीज केली तर ११/१२६, तिथे जात नाही.

---

उजळणी

सगळ्यांचे आभार, ही माहिती कुठे एकत्र सापडत नाही. पूर्णांकयुक्त अपूर्णांकांचं कोणीतरी सांगा. सगळ्यांचे अंशाधिक करून घ्यायचे की पूर्णांक वेगळे ठेवायचे? वजाबाकीत तर फारच पडझड होते.

---

पावकी

बेरजेत पूर्णांक वेगळे ठेवा. २ पूर्णांक ३/४ + १ पूर्णांक ५/६: पूर्णांक ३, अपूर्णांक ९/१२ + १०/१२ = १९/१२. चूक इथे होते, '३ पूर्णांक १९/१२' लिहून मूल मोकळं होतं. १९/१२ मध्ये एक पूर्ण दडलेला आहे, तो बाहेर काढा: ४ पूर्णांक ७/१२.

वजाबाकी: ५ पूर्णांक १/६ − २ पूर्णांक ३/४. समच्छेद केल्यावर २/१२ मधून ९/१२ जात नाहीत. ५ मधला एक पूर्ण सुटा करायचा आणि तो १२/१२ म्हणून यायला हवा. मुलं दशक सुटा करायच्या सवयीनं १० आणतात: २ + १० = १२, १२ − ९ = ३, उत्तर २ पूर्णांक ३/१२. बरोबर असं: ४ पूर्णांक १४/१२ − २ पूर्णांक ९/१२ = २ पूर्णांक ५/१२.

दुसरी चूक याहून वाईट, कारण ती चटकन दिसत नाही: लहानातून मोठं जात नाही म्हणून उलटी वजाबाकी, ९ − २ = ७, उत्तर ३ पूर्णांक ७/१२. पडताळा: ५ ला थोडं वर, त्यातून पावणेतीन वजा, उत्तर अडीचच्या खालीच हवं.

वजाबाकीतच सारखा गोंधळ होणाऱ्या मुलाला काही काळ अंशाधिक करू द्या: ३१/६ − ११/४ = ६२/१२ − ३३/१२ = २९/१२. सुटं करायची भानगड नाही. आकडे मोठे असले, ४७ पूर्णांक आणि ३८ पूर्णांक वगैरे, तर मात्र ही रीत अंगावर येते.

---

तिरपागडा

खडूफळा, क्रमाबद्दल तुमचं मान्य करतो. पण तिरकस गुणाकाराला हद्दपार करू नका. छेदात अक्षरं आली की तोच आधार: १/क्ष + १/(क्ष + १) = (२क्ष + १) ÷ (क्ष × (क्ष + १)). आणि दोन अपूर्णांकांत मोठा कोणता हे पाहायला त्याच्याइतकं झटपट काही नाही. ५/१२ आणि ७/१८: ९० आणि ८४, म्हणजे पहिला मोठा.

---

खडूफळा

अक्षरांतही आधी छेदांचं नातं बघा की. ३/(क्ष² − १) + २/(क्ष + १) मध्ये पहिला छेद दुसऱ्याची पट आहे. दुसऱ्याला (क्ष − १) ने गुणलं की (३ + २क्ष − २)/(क्ष² − १) = (२क्ष + १)/(क्ष² − १). तिरकस गुणलात तर छेदात तिसरा घात येतो आणि मग अवयव पाडत बसा. तुलनेचं मात्र मान्य.

---

उजळणी

मूळसंख्या, तुमचा २ चा नियम तीन अपूर्णांकांना लावता येतो का? ७/२४ + ११/४० + ५/१६ सोडवून बघितलं, २११/२४० आलं. आणखी छेद जातो का?

---

मूळसंख्या

जात नाही. २४ मध्ये २ चा घात ३, ४० मध्ये ३, १६ मध्ये ४. सर्वांत मोठा घात एकट्या १६ मध्ये, म्हणून २ ने नाही. ३ फक्त २४ मध्ये, ५ फक्त ४० मध्ये, म्हणून त्यांनीही नाही. ७० + ६६ + ७५ = २११, बरोबर आहे तुमचं.

तिघांसाठी नियम असा: २ चा सर्वांत मोठा घात किती छेदांत आहे ते मोजा. ती संख्या सम असेल तर २ ने छेद जाणार, विषम असेल तर नाही. १/६ + १/१० + १/१४ मध्ये तिन्ही छेदांत २ एकेकदा आहे, तीन म्हणजे विषम, म्हणून नाही. ३५/२१० + २१/२१० + १५/२१० = ७१/२१०.